हरवल्यास येथे पाठवावे

आमली, सिल्वासा
११ नोव्हेंबर १९८७

सौ. किंवा कु., जे असेल ते, शैलजाताई सामंत यांस,

वाल्मिकचा नमस्कार. तुम्ही मला ओळखत नाही. पत्राची सुरुवात कशी करतात ते मला नीट येत नाही म्हणून सरळच सांगतो. इथे भगवंत सामंत नावाचे एक काका आमच्या चाळीत माझ्या शेजारच्या खोलीत राहतात. पप्पूच्या ऑर्केस्ट्रात बेस गिटार वाजवतात. चारच जाड तारा असतात तिला आणि तिचा आवाज कानाला कमी, पोटाला जास्त लागतो. तिच्या पेटीच्या झाकणाला आतून निळ्या रंगात लिहिलंय, 'हरवल्यास येथे पाठवावे : कु. शैलजा भगवंत सामंत', आणि खाली कुडाळचा पत्ता. पेटी जागेवर आहे. मला वाटतं काका हरवलेत. म्हणून पत्र पाठवतो.

मी पारोळ्याकडचा. आठवीत शाळा सुटली, म्हणजे मीच सोडली. मग मनमाडला लॉजवर होतो, मग ट्रकवर क्लीनर, मग नंदुरबारला मिरच्या वाळवायच्या कामाला. तिथून ठसका लागून पळालो तो इकडे. आता गलोंड्याला धाग्याच्या कंपनीत आहे. मशीनचा आवाज एवढा, की आमच्या खात्यात सगळे एकमेकांचे ओठ बघून बोलतात. शिव्या लगेच कळतात, बाकीचं कळायला वेळ लागतो. हे कशाला सांगतोय? हां, तर पाळी सुटल्यावर आम्ही पप्पूच्या तालमीला जातो. तिथे आमच्या कानाला गाणं पोचतच नाही, काकांचं तेवढं पोचतं. आमचा नथू तर स्पीकरला पाठ लावूनच बसतो.

काका मुंबईत मोठ्या हॉटेलात वाजवायचे, तुम्हाला माहीतच असेल. बोटीवरचे खलाशी अमेरिकेतल्या काळ्या लोकांच्या रेकॉर्डी आणायचे, त्या ऐकून. रिदम अँड ब्लूज. काका ते नाव असं घेतात जसं आमच्याकडे कुलदैवताचं घेतात. म्हणतात, बारा खोल्यांचं घर असतं ते, त्यातच फिरत राहायचं, बाहेर पडायचं नाही, आणि दारं फक्त तीन. खोल्या म्हणजे ठेक्याचे बारा तुकडे आणि दारं म्हणजे तीन सूर. तेव्हा मुंबईत असलं वाजवणारे हाताच्या बोटांवर होते म्हणे. रेकॉर्डी वाजवायच्या छोट्या फोनोतून जाड सूर ऐकू यायचा नाही. मग फोनो जेवायच्या पाटावर ठेवायचा आणि पाटावर तळहात दाबून धरायचा. कानाने नाही, हाताने शिकलो, म्हणतात.

पुढे हॉटेलवाल्यांनी बँड काढून टाकला. काका सर्कशीच्या बँडमध्ये गेले. पुढे सर्कशीनेही बँड काढून टेप लावली. तंबू तेव्हा वापीला होता, काका तिथेच उतरले आणि इकडे आले. आता दिवसा लाऊडस्पीकरच्या दुकानात बसतात. मी विचारलं, घरी का नाही गेले? तर म्हणाले, "पुढच्या गावाला काम होतं. मग त्याच्या पुढच्या." एवढंच. आवाज चढत नाही, उतरत नाही.

कामाचं राहिलंच. काकांच्या पायात खिळा गेला. दिवसभर पायात खिळा घेऊन चालले, कळलंच नाही. साखर आहे. डॉक्टर म्हणतात अंगठा काढावा लागेल, घरचं कुणी बोलवा. मी विचारलं, घरचं कोण? काका म्हणाले, "कुणी नाही." पण झाकणावर तर तुम्ही आहात.

तुम्ही कोण त्यांच्या? काकांना हे पत्र माहीत नाही.

आपला,
वाल्मिक


कुडाळ
२ डिसेंबर १९८७

श्री. वाल्मिक यांस,

तुमचे पत्र मिळाले. मी सौ. नाही, कु. आहे. ज्या घरातला बाप बेपत्ता आहे त्या घरात कुणी सोयरिकीला येत नाही, म्हणून.

तुमची काहीतरी गल्लत झाली आहे. भगवंत सामंत माझे वडील होते आणि ते वारले आहेत. मी आठ वर्षांची असताना ते सर्कशीबरोबर गेले. थोडे दिवस पत्रे आली, मग बंद झाली. बारा वर्षे वाट पाहिली. मग भटजींनी सांगितल्याप्रमाणे नदीवर पळसाच्या पानांचा पुतळा केला, त्याला नारळाचे डोके लावले आणि चुलतभाऊ वसंतने अग्नी दिला. ओली पाने होती, लवकर पेटत नव्हती. मी तिथे उभी होते. घरी आल्यावर आईने स्वतःच्या हाताने कुंकू पुसले. दहावे, बारावे, तेरावे सगळे रीतसर झाले. दर वर्षी श्राद्ध होते.

तेव्हा ते तिकडे असतील हे शक्य नाही. पुन्हा पत्र पाठवू नये.

पाठवायचेच झाल्यास घरी पाठवू नये, आईच्या हाती पडेल. मी शिकवते त्या शाळेचा पत्ता खाली दिला आहे.

शैलजा सामंत


आमली
२० डिसेंबर १९८७

शैलजाताईंना नमस्कार.

तुमचं पत्र वाचून मी गप्प बसणार होतो. चार दिवस बसलो. पाचव्या दिवशी दुकानात काका भोंग्याचा पडदा बदलत होते. माझ्या तोंडून निघून गेलं, "काका, तुम्हाला जाळलंय."

"कुठे?"

"कुडाळला. पळसाच्या पानांचं करून."

काकांनी पडद्याला डिंक लावला, फुंकर मारली, वाळू दिला. मग विचारलं, "अग्नी कुणी दिला?"

"वसंतने."

"वसंत फटाक्यांनाही घाबरायचा," म्हणाले. परत डिंक लावायला लागले. थोड्या वेळाने म्हणाले, "बरं झालं. शैलजाच्या आईची सोय झाली."

एवढंच ताई. मला वाटलं रडतील, ओरडतील, मला मारतील. मी पळायच्या तयारीत दारात उभा होतो. आमच्या बापाला असं सांगितलं असतं तर त्याने उलट्या हाताची दिली असती. इकडे पळस भरपूर आहे, आम्ही खानावळीत त्याच्याच पत्रावळीवर जेवतो. त्या दिवशी काका जेवताना पत्रावळीकडे जरा जास्त वेळ बघत होते, असं मला वाटलं. पण जेवले. वरण मागून घेतलं.

परवा तालमीत विडी जळत जळत बोटापर्यंत आली. वास सुटला तेव्हा पप्पू ओरडला, "काका, हात!" काका म्हणाले, विडी ओली होती.

आणि त्यांनी नवीन स्टाईल काढली आहे. गिटारच्या चारही तारा वेगळ्या सुरात लावतात आणि डावा हात तिच्या दांडीवर नुसता ठेवतात, दाबत काहीच नाहीत. मोकळ्या तारा वाजवायच्या. त्यामुळे सगळी गाणी एकाच पट्टीत घ्यावी लागतात. पप्पू वैतागलाय. "काका, लताचं पण त्याच पट्टीत, किशोरचं पण त्याच? मेरा गला है के रबर?" काका म्हणाले, "मुंबईत आता सगळे असंच करतात." पप्पू मुंबईच्या बाजूला वापीच्या पुढे गेलेला नाही, त्यामुळे गप्प बसला. मला ती स्टाईल आवडली. रुबाब वाटतो.

डॉक्टर अजून घरचं माणूस मागतात. अंगठा काळा झालाय. दुखतं का विचारलं की काका म्हणतात, "कुणाचा?"

वाल्मिक


कुडाळ
९ जानेवारी १९८८

वाल्मिक,

तू माझ्याहून लहान असणार, म्हणून अरेतुरे लिहिते.

वसंत फटाक्यांना घाबरायचा हे बाहेरच्या कुणाला माहीत असायचे कारण नाही. आजही दिवाळीत तो घरात बसतो.

मी सावंतवाडीला जाऊन दुसऱ्या एका भटजींना विचारले. नाव न घेता, शाळेतल्या बाईंचा प्रश्न आहे असे सांगून. पानांचा करून जाळलेला माणूस परत आला तर काय करायचे, तेही शास्त्रात आहे म्हणे. त्याला तूप लावून न्हाऊ घालायचे, लहान बाळासारखे बारसे करायचे, मुंज लावायची आणि मग त्याच्याच बायकोशी त्याचे पुन्हा लग्न लावायचे. भटजी हे सगळे सुपारी कातरत सांगत होते. मी वहीत लिहून घेतले आणि एस.टी.त बसले.

आईला काय सांगू? ती छप्पन्न वर्षांची आहे. कानाला कमी ऐकू येते. ती बारा वर्षे रोज संध्याकाळी भात जास्तीचा लावायची आणि सकाळी तो गुरांना घालायची. मुंबईची गाडी यायच्या वेळेला ओटीवर यायची. तो पुतळा जळला आणि दुसऱ्या दिवसापासून तिने भात दोघींपुरता लावला. विधवा झाली आणि तिला झोप लागायला लागली. भजनाला जाते. शेजारची भिमाबाई आणि ती मिळून कोकम करतात, हसतात. तिला हे कुठल्या तोंडाने सांगू, की तू विधवा नाहीस?

मी इकडे काही करू शकत नाही. मला काही वाटतही नाही. तुझी पत्रे वाचते आणि वर्गात जाऊन पाढे घेते.

त्यांना विचार, त्यांना काय हवे आहे. त्यांच्या शब्दांत कळव, तुझ्या नको.

तू तुझ्या आईला पत्र लिहितोस का?

शैलजा


आमली
२ फेब्रुवारी १९८८

शैलजाताईंना नमस्कार.

अंगठा काढला. डॉक्टरांनी विचारलं, तुम्ही कोण, मी म्हटलं भाचा, आणि सही केली. काका खाटेवरून म्हणाले, "मला बहीण नाही." डॉक्टरांनी ऐकलं नाही किंवा ऐकलं न ऐकल्यासारखं केलं. पट्टी बांधून आठवड्यात घरी आणलं.

तुमचा प्रश्न विचारला. त्यांचे शब्द जसेच्या तसे असे: "आहे ते राहू दे." मी म्हटलं, काका, हे उत्तर नाही झालं. तर म्हणाले, "मग लिही, उत्तर नाही."

आमच्या कंपनीत सव्वीस जानेवारीला सत्यनारायण असतो आणि दुपारनंतर ऑर्केस्ट्रा. गलोंड्याच्या शेडबाहेर मांडव होता. पायाला पट्टी, त्यामुळे काकांना खुर्चीवर बसवून स्टेजवर उचलूनच नेलं. नथू आणि मी. नथू म्हणाला, नवरदेव जड आहे भो. काका म्हणाले, "हळू. एकदा जाळलेला आहे." नथूला काही कळलं नाही, पण तो हसला. मीही हसलो. मग वाईट वाटेल अशी वाट बघत बसलो, पण तेवढ्यात प्रसाद आला.

सगळी गाणी एका पट्टीत झाली. शेवटी पप्पूचा गळा बसला. माणसं तर उठायला तयार नाहीत. तेव्हा काकांनी खुंट्या पिरगाळून तारा पुन्हा जुन्या सुरात लावल्या आणि डावा हात तसाच नुसता ठेवून एकट्यानेच ते सुरू केलं, बारा खोल्यांचं. ढोलकवाल्याला डोळ्याने खूण केली. गाणारं कुणी नाही, शब्द नाहीत, नुसतं तेच फिरून फिरून. आमच्या खात्यातली माणसं, मशीनने कान गेलेली, एकेक करून स्टेजजवळ आली आणि स्टेजच्या फळ्यांवर हात ठेवून उभी राहिली. कुणी नाचलं नाही. शेठ मॅनेजरला विचारत होता, "आ शुं करे छे?" मॅनेजरला काय माहीत!

पप्पूने हे सगळं टेप केलंय. त्याची एक कॅसेट यासोबत पाठवतो. काका म्हणाले होते, पाठवू नकोस. पण तुम्ही त्यांचे शब्द मागितलेत आणि शब्द तर ते देत नाहीत. फक्त तुम्ही ऐका. आईंना ऐकवू नका.

मी बहुतेक सुरतला जाईन. एकाने साडीच्या छपाईत काम सांगितलंय. अजून नक्की नाही.

वाल्मिक


कुडाळ
६ मार्च १९८८

चि. वाल्मिकला आशीर्वाद.

आईला पत्र लिहितोस का, याचे उत्तर तू दिले नाहीस.

कॅसेट मी शाळेतल्या टेपवर ऐकली. मला काहीच ऐकू आले नाही. पप्पूचा घसा, ढोलक, माणसांचे बोलणे आणि शेवटी एक लांबलचक घरघर, जसा पंपाचा आवाज येतो तसा. वडिलांचे काही तरी ऐकल्यासारखे वाटावे म्हणून मी दोनदा लावली. काही वाटले नाही. मग गॅदरिंगसाठी टेप घरी आणायचा होता तो आणला. कॅसेट आतच राहिली होती.

मी न्हाणीघरात होते. बाहेर आले तर टेप चालू होता. आईला बटणे कळत नाहीत, भिमाबाईच्या नातीने लावून दिला होता. ती पोरगी कंटाळून निघून गेली होती. आईने टेप उचलून फणसाच्या पाटावर ठेवला होता. स्वतः शेजारी जमिनीवर बसली होती आणि पाटावर उजवा तळहात टेकला होता. डोळे उघडे होते. समोरच्या भिंतीकडे बघत होती.

मी उभी राहिले. तुझे पहिले पत्र आठवले. पाटाचे तिला कुणी सांगितले असणार ते मला तेव्हा समजले.

सगळे संपून नुसती खरखर सुरू झाली तरी तिने हात उचलला नाही. मग मला म्हणाली, "पूर्वी घरभर फिरायचे. आता नुसते तीन दारांत उभे राहतात."

मी बटण दाबून खरखर बंद केली.

म्हणाली, "डावा हात गेला वाटतं."

मग उठली, टेप टेबलावर ठेवला, पाट धुऊन भिंतीला उभा केला आणि तांदूळ निवडायला बसली. रात्री भात दोघींपुरताच लावला. कपाळ मोकळेच आहे. कुठून आणलीस, कुठे आहेत, काही विचारले नाही. जेवताना फक्त एवढे म्हणाली, "जेवायला कोण घालतं?" मी म्हटले, वाल्मिक म्हणून एक मुलगा आहे. "बरं," म्हणाली.

त्यांचा डावा हात खरेच गेला आहे का? तू तर स्टाईल लिहिली होतीस.

शैलजा


आमली
२१ मार्च १९८८

शैलजाताईंना नमस्कार.

तुमचं पत्र काकांना वाचून दाखवलं. मी न विचारताच वाचायला लागलो, त्यांनी थांबवलं नाही. आई म्हणाल्या तिथे आलो तेव्हा म्हणाले, "पुन्हा वाच." वाचलं. "पुन्हा." वाचलं. मग विचारलं, "कुठला पाट?"

"फणसाचा लिहिलंय."

"हं. तोच."

मग डावा हात मांडीवर घेतला आणि उजव्या हाताने त्याची एकेक बोटं दाबून बघितली, बाजारात भेंडी बघतात तशी. म्हणाले, "गणपतीपासून काही कळत नाही यात." तिथे पप्पू होता, ढोलकवाला होता, नथू होता. सगळ्यांना पहिल्यांदाच कळलं. एवढा मांडवभर माणूस होता, आम्ही रोज शेजारी बसतो, त्यातल्या एकालाही समजलं नाही. मी रुबाब म्हणत होतो. पप्पू म्हणाला, "तर मग मुंबईत कुणीच असं वाजवत नाही?" काका म्हणाले, "मी वाजवतो ना."

डॉक्टर म्हणतात पायाचंही तसंच आहे, दोन्ही पायांना आता जमीन कळत नाही. बघून बघून टाकावे लागतात.

सुरतचं राहिलं. पावसाळ्यानंतर बघू. पारोळ्याला पत्र टाकलं. तानूबाईला, म्हणजे आईला. काय लिहावं कळेना, म्हणून काकांबद्दलच लिहिलं.

काकांचा काही निरोप नाही. मी दोनदा विचारलं.

वाल्मिक


कुडाळ
१९ एप्रिल १९८८

चि. वाल्मिकला आशीर्वाद.

परीक्षा संपल्या की मी येणार आहे. मुंबईहून वापीपर्यंत रेल्वेने येईन, पुढे कसे यायचे ते कळव. एकटीच येईन. आई येणार नाही, आणि मी त्यांना इकडे आणणारही नाही. हे त्यांना आधीच सांग, म्हणजे बारसे, मुंज, लग्न काही करावे लागणार नाही. वसंतलाही मी काही बोललेले नाही. श्राद्ध नेहमीप्रमाणे होईल.

मी सिल्वासाला जाते असे आईला सांगितले. कशाला, ते तिने विचारले नाही. काल शाळेतून आले तर दारात पोते होते, सुतळीने घट्ट बांधलेले. आत पाट आहे. फणसाचा. घरात आता जेवायला पत्र्याचाच पाट उरला आहे.

मी विचारले, "हा कशाला?"

"वाजवताना पायाखाली घ्यायला."

मी तिला तुझे पत्र मोठ्याने वाचून दाखवले, कानाशी जाऊन. त्यांच्या पायांना आता जमीनही कळत नाही, तेही वाचले. तिने सुतळीची गाठ पुन्हा ओढून बघितली.

"टेकवू दे," म्हणाली. "कळलं तर कळलं."

शैलजा